टेकडीवरचा बोलघेवडा

माझ्या बाबांची जीभ अडायची. शब्द ओठांपर्यंत यायचा आणि दारात अडकलेल्या कपाटासारखा तिथेच राहायचा, ना आत ना बाहेर. त्यातही 'क' आणि 'म' ही दोन अक्षरं त्यांची खास वैरी. ज्याच्या घरी काचा आणि आरशांचं दुकान, त्याच्याच जिभेला 'क' जड जावा, म्हणजे देवाने त्या दिवशी काम घाईत उरकलं असणार, असं आजी म्हणायची.

दुकान बाजाराच्या मागच्या गल्लीत होतं. पुढे आजी बसायची. मागच्या खोलीत लांब टेबल, त्यावर जाड कांबळं अंथरलेलं, आणि त्या कांबळ्यावर बाबा काच कापायचे. हिऱ्याच्या कलमाने एक रेघ ओढायची, टेबलाच्या कडेवर काच हलकेच दाबायची, की ती रेघेवर बरोबर दुभंगते. भिंतीशी आरशांना पारा चढवायची जागा होती. आजोबा लवकर गेले, तेव्हापासून दोघं मायलेक मिळून दुकान बघायचे. बोलणाऱ्याचे हुलगे खपतात आणि न बोलणाऱ्याचे गहू पडून राहतात, तेव्हा बोलायचं मी बघते, तू गहू पिकव, अशी आजीने कामाची वाटणी करून टाकली होती.

आजी बाहेर गेली की मात्र पंचाईत व्हायची. गिऱ्हाइकांना घाई असते. बाबांचा शब्द अडला की ती मदत म्हणून स्वतःच वाक्य पुरं करून टाकायची. एकदा एका बाईंना ते सांगायला गेले, "हा आरसा क... क..." बाई म्हणाल्या, "कायम टिकेल ना? मग झालं तर." आणि आरसा काखेत मारून गेल्यासुद्धा. बाबांना सांगायचं होतं की हा आरसा कडेला तडकलाय. असं पुन्हा पुन्हा झाल्यावर माणूस बोलायचंच सोडून देतो. बाबा विशी ओलांडेपर्यंत मान हलवणं, बोट दाखवणं आणि हसणं एवढ्यावरच सगळं भागवायला शिकले होते.

मग लढाई सुरू झाली आणि गल्लीतल्या इतर तरण्याताठ्या पोरांबरोबर त्यांनाही बोलावणं आलं.

छावणीत आधी त्यांना पहाऱ्यावर उभं केलं. पहारेकऱ्याने अंधारातून कुणी आलं की 'कोण आहे' असं दरडावून विचारायचं असतं. बाबांचा पहिला 'को' सुटेपर्यंत येणारा माणूस त्यांच्या शेजारून आत जाऊन जेवायला बसलेला असायचा. दोन-तीनदा असं झाल्यावर त्यांची रवानगी भटारखान्यात झाली. तिथे कुणाला दरडावायचं नव्हतं. बटाटे सोलायचे, कढया घासायच्या आणि गप्प राहायचं. बाबा म्हणायचे की त्यांना त्याचं काही वाईट वाटलं नाही. बटाटा कधी मधेच तोंड घालत नाही.

त्यांचं नशीब फिरलं ते एका खेचरामुळे. संदेश पाठवणाऱ्या तुकडीचं सामान वाहणारी ही खेचराची मादी अंगाने थोराड आणि तोऱ्याने भारी होती. मनात नसेल तर पाऊल उचलायची नाही, आणि जवळून जाणाऱ्या प्रत्येकाला ओठ मुडपून दाखवायची. तुकडीतल्या लग्न झालेल्या कुणीतरी तिचं नाव 'सासूबाई' ठेवलं होतं. एका सकाळी सासूबाईंनी लाथ झाडली आणि पाठीवरच्या पेटीतला संदेशाचा आरसा फुटला. तुकडीचा उस्ताद, म्हणजे शिकवणारा जुना जाणता हवालदार, डोक्याला हात लावून भटारखान्याच्या दारात बसला. नवा आरसा मागवला तर तो येईपर्यंत लढाई संपेल, असं त्याचं म्हणणं.

बाबांनी हात पुसले. साहेबांच्या दाढीचा एक जुना आरसा भिंतीवर टांगलेला होता, तो उतरवला. घरून बरोबर आणलेल्या हिऱ्याच्या कलमाने फुटलेल्याच्या मापाचा गोल कापला. फुटलेल्या आरशाच्या बरोबर मध्यावर, मसुराच्या दाण्याएवढ्या जागेत पारा नव्हता, नुसती काच होती. ते असं का, हे त्यांना ठाऊक नव्हतं. पण होतं तसं करायचं म्हणून त्यांनी सुईच्या टोकाने तेवढ्याच जागेतला पारा खरवडून काढला. उस्तादाने आरसा उन्हात धरून पाहिला आणि बाबांना विचारलं, लिहिता-वाचता येतं का. बाबांनी मान हलवली. त्यांचे बटाटे दुसऱ्याच्या वाट्याला गेले.

त्या काळी फौजेचं बोलणं म्हणजे मोठी उठाठेव असायची. जमिनीवरून तार टाकून टेलिफोन जोडायचे, पण तोफगोळा पडला की तार तुटायची, गाडीच्या चाकाखाली तुटायची, आणि काही झालं नाही तर शेळ्या चावायच्या. चिठ्ठी घेऊन धावणारी माणसं होती, ती बिचारी कधी पोचायची, कधी नाही. टोपलीतली कबुतरं होती, पण त्यांना हुकूम कळत नसे. बिगुल तोफांच्या आवाजात बुडून जायचा. झेंडे हलवणारा माणूस जसा आपल्याला दिसतो तसा शत्रूलाही दिसतो. बिनतारी यंत्रही एक होतं, चार खेचरांवर लादून आणलेलं. त्यातून आल्यापासून नुसती खरखर ऐकू यायची. त्याच्यापाशी बसणारा माणूस कानाला नळ्या लावून दिवसभर ती भक्तिभावाने ऐकायचा.

आणि ऊन असेल तेव्हा आरसा होता. तिपाईवर आरसा बसवायचा, मधल्या त्या मसुराएवढ्या भोकातून समोरच्या डोंगरावरचं ठाणं नेमकं धरायचं, आणि मागची कळ दाबायची. कळ दाबली की आरसा केसभर कलतो आणि उन्हाचा कवडसा कोसभर पलीकडच्या माणसाच्या डोळ्यांत जाऊन पडतो. थोडा वेळ दाबली तर टिंब, जास्त वेळ दाबली तर रेघ. टिंबं आणि रेघा मिळून अक्षर, अक्षरं मिळून शब्द. सूर्य सरकतो, तसा आरसाही सारखा सरकवावा लागतो. ढग आला की दोन्हीकडची माणसं बोलणं जिथे थांबलं असेल तिथेच धरून बसायची. ढग गेला की पुढचं अक्षर.

बाबांनी ही बाराखडी फार लवकर उचलली. मग पहिला खराखुरा संदेश पाठवायची वेळ आली. संदेश अगदी साधा होता. पाणी संपलंय, दोन पिंपं पाठवा. त्यांनी कळ दाबायला सुरुवात केली आणि वाक्य सरळ निघालं. कुठे अडलं नाही. कुणी मधे बोललं नाही. शेवटचं अक्षर गेलं, समोरून 'समजलं' अशी चमक आली, आणि बाबा तिथे उभे राहिले. आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी दोन वाक्यं लागोपाठ, सुरुवातीपासून शेवटपर्यंत बोलली होती. त्यांना ते इतकं गोड वाटलं की कुणी सांगितलेलं नसताना त्यांनी तोच संदेश पुन्हा पाठवला. संध्याकाळी पाण्याची चार पिंपं आली. उस्तादाने डोकं खाजवलं आणि सगळ्यांना आंघोळी करायला लावल्या.

बाबांचं ठाणं पुढच्या टेकडीवर होतं. मधे नदी आणि रुंद खोरं, आणि पलीकडे मागच्या डोंगरावर दुसरं ठाणं, आमच्या तोफांच्या शेजारी. त्या ठाण्यावर जो माणूस कळ दाबायचा त्याला बाबांनी कधी पाहिलं नव्हतं. दुर्बिणीतून दिसायचा तो फक्त प्रकाशाचा ठिपका. पण जसा प्रत्येकाचा आवाज निराळा, तसा प्रत्येकाचा कळीवरचा हातही निराळा असतो. त्या माणसाचा हात ऐसपैस होता. टिंबं टपटप टाकायचा आणि रेघ अशी ओढायचा, जसं कुणी जेवून उठल्यावर आळस देतंय.

नियम असा होता की कामाशिवाय एक अक्षर पाठवायचं नाही. पण उस्ताद दुपारी जेवल्यावर आडवा व्हायचा. एका दुपारी पलीकडून कामाचा संदेश संपल्यावर वर आणखी थोडी चमक आली. आज ऊन फार छान आहे, नाही का? बाबांनी मागे वळून पाहिलं. उस्ताद घोरत होता. त्यांनी उत्तर पाठवलं. हो, माझे मोजेसुद्धा वाळले.

तिथून जे सुरू झालं ते थांबेना. खरं तर एकाने दुर्बिणीतून पाहून अक्षरं मोठ्याने सांगायची आणि दुसऱ्याने लिहायची अशी पद्धत. बाबा एकटेच डोळा दुर्बिणीला आणि बोट कळीला लावून बसायचे. पलीकडचा सायकली दुरुस्त करणारा होता. त्याच्या गावचा नळ, त्याच्या दुकानातलं मांजर, त्याची बहीण जी त्याच्यापेक्षा चांगलं पंक्चर काढते, हे सगळं बाबांना कळलं. आणि बाबा? ज्या माणसाने मान हलवून विशी काढली होती तो आता विनोद सांगायचा, वाद घालायचा, भटारखान्यातल्या आचाऱ्याच्या नकला करायचा. एवढ्या वर्षांचं साठलेलं सगळं बाहेर पडत होतं. एक दिवस सासूबाईंनी उस्तादाची टोपी खाल्ली, दाभणाने टाके घातलेली, त्याला जिवापाड प्रिय असलेली टोपी. बाबांनी उस्तादाला खुणेनेच सांगितलं की वाऱ्याने उडाली. पलीकडच्याला मात्र त्यांनी सगळी हकिकत कळवली, टोपीचा कुठला भाग आधी गेला आणि कुठला नंतर इथपर्यंत. पलीकडून बराच वेळ काही आलंच नाही. मग आलं, हसत होतो, कळ सुटली. आणि त्यापुढे, तू भलताच बोलघेवडा आहेस.

बाबांना कुणी बोलघेवडा म्हणेल, हे आजीला सांगितलं असतं तर तिने सांगणाऱ्याला थंड पाणी पाजून बसवून ठेवलं असतं.

मग तो दिवस आला. टेकडीच्या पायथ्याशी नदीकाठी एक छोटं गाव होतं आणि त्यात शत्रूची माणसं होती. दुपारी आमच्या तोफांनी गावावर मारा करायचा आणि मग पायदळाने आत शिरायचं, असं ठरलेलं. पण सकाळी आमची टेहळणीची तुकडी गेली तर गाव मोकळं. शत्रू पहाटेच निघून गेला होता. गावकरी तळघरांतून वर येत होते. आमची सगळी पलटण गावात शिरली, कुणी विहिरीवर, कुणी गोठ्यात, कुणाला एका म्हातारीने ताजं दूध काढून दिलेलं. आणि मागच्या डोंगरावर तोफा भरलेल्या होत्या, कारण तिकडे कुणाला यातलं काहीच माहीत नव्हतं.

टेलिफोनची तार तुटलेली. पहिला धावणारा माणूस नदीत पाय मुरगळून बसला. कबूतर सोडलं, ते समोरच्या झाडावर बसून पिसं साफ करायला लागलं. बिनतारी यंत्र आपल्या परीने खरखरत होतं. शेवटी गावातून एक शिपाई धापा टाकत टेकडी चढून आला आणि त्याने उस्तादाच्या हातात पलटणीच्या साहेबांची चिठ्ठी ठेवली. मारा थांबवा, आपलीच माणसं गावात आहेत.

आभाळ भरून आलेलं होतं.

बाबा सांगायचे की त्या वेळी आरशाशी उभं राहून करण्यासारखं काहीच नव्हतं. नुसतं वर बघायचं. उस्ताद पुटपुटत होता. खाली गावात पोरं शिपायांच्या मागे धावताना दिसत होती. मग ढगाची कड उजळली, पातळ झाली, आणि टेकडीवर ऊन पडलं. बाबांनी कळ दाबली. संदेश एका दमात गेला.

पलीकडून 'समजलं' आलं नाही. वेगळीच चमक सुरू झाली. दुर्बिणीशी उस्ताद होता, तो अक्षरं मोठ्याने सांगत होता आणि बाबा लिहीत होते. तोफांच्या साहेबांना हा संदेश खरा वाटत नव्हता. आणि त्यांचंही चुकत नव्हतं. दोनच दिवसांपूर्वी शत्रूने आमचा एक आरसा पळवला होता आणि त्यावरून अशीच 'मारा थांबवा' म्हणून थाप मारली होती. साहेबांनी तोफा थांबवल्या होत्या आणि त्याची किंमत मोजली होती. आता ते विचारत होते की पलीकडे आपलाच माणूस आहे कशावरून. तिथे कळीवर बसलेल्याने म्हणे शपथेवर सांगितलं होतं की हा हात मी ओळखतो. साहेब म्हणाले, हाताची नक्कल होते. त्याला असं काहीतरी विचार जे शत्रूला ठाऊक असणं शक्यच नाही.

आणि मग प्रश्न आला. उस्ताद एकेक अक्षर जोडत वाचत होता. "सा... सू... बा... ई... सासूबाईंनी... काय... खाल्लं." त्याने दुर्बिणीवरून डोळा काढला. "ही काय भानगड आहे? आपल्या खेचराशी त्यांना काय करायचंय?"

बाबांनी एक क्षण उस्तादाकडे पाहिलं. उत्तर दिलं तर टोपीचं पितळ उघडं पडणार, शिवाय दुपारच्या सगळ्या गप्पाही. दोन-तीन ढग पुन्हा सूर्याकडे सरकत होते. त्यांनी कळ दाबली. उस्तादाला कळीवरची टिंबं-रेघा बघून वाचायची सवय होती, तो आपोआप मोठ्याने वाचत गेला. "उ... स्ता... दा... ची... उस्तादाची... टो..." आणि तिथे त्याचा आवाज बंद झाला. पण बाबा थांबले नाहीत. त्यांनी पुढेही पाठवलं, आधी पुढची झालर, मग बक्कल सोडून बाकी सगळी.

पलीकडे त्या वेळी काय झालं ते आम्हाला नंतर कळलं. तोफांच्या साहेबांनी तो मजकूर स्वतःच्या हातात घेऊन वाचला, दोनदा वाचला, आणि म्हणाले की असलं उत्तर शत्रूला सात जन्मांत सुचणार नाही. तोफा थांबल्या. टेकडीवर 'समजलं' अशी लांब, ऐसपैस चमक आली आणि लगेच ढगाने ऊन झाकलं. खाली गावात कुणाला काही कळलंही नाही. विहिरीवरचे विहिरीवर राहिले, आणि ज्यांना दूध मिळालं होतं ते दूध पीत राहिले.

उस्ताद बराच वेळ सासूबाईंकडे बघत होता. सासूबाईंनी ओठ मुडपून दाखवला. मग तो बाबांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "बक्कल तरी कुठे आहे?" बाबांनी खिशातून काढून दिलं.

कामाशिवाय गप्पा मारल्याबद्दल दोघांनाही शिक्षा झाली, आपापल्या ठाण्यावर आठवडाभर बटाटे सोलायची. पलटणीच्या साहेबांनी स्वतः टेकडी चढून येऊन ती सुनावली आणि तिथेच बाबांच्या हाताला धरून इतका वेळ हलवत राहिले की बाबांना वाटलं शिक्षा हीच असावी. गावातली शंभरएक माणसं त्या दुपारी जिवंत राहिली होती. बाबा बटाटे सोलताना शीळ घालत होते. शीळ घालताना जीभ अडत नाही.

लढाई संपली आणि तुकड्या इतक्या घाईने मोडल्या की त्या दोघांची भेट राहूनच गेली. बाबा घरी आले, काच कापायला लागले, आणि पुन्हा मान हलवून बोलायला लागले. उस्तादाकडून पलीकडच्याचं गाव काढता आलं असतं. बाबांनी काढलं नाही. आजीला वाटायचं लढाईचं मनावर घेतलंय. खरं कारण निराळं होतं, आणि ते त्यांनी मला खूप नंतर सांगितलं. त्या माणसाच्या मनात एक बोलघेवडा होता. तो आता प्रत्यक्ष समोर उभा राहून क... क... करणार, आणि मग समोरच्याच्या चेहऱ्यावर ती ओळखीची दया येणार. जगात एक तरी माणूस असा असू दे की ज्याला हे माहीत नाही, असं त्यांना वाटायचं.

पण पलीकडच्याच्या मनात तसलं काही नव्हतं. त्याने उस्तादाला गाठलं, आरशांचं दुकान एवढाच पत्ता मिळवला, आणि एका सकाळी सायकल मारत आमच्या गल्लीत हजर झाला. दुकानात आजी होती. त्याने सायकल भिंतीला टेकवली, चष्मा पुसला आणि विचारलं, "मावशी, इथे एक फार बोलणारा माणूस राहतो ना?"

आजी म्हणाली, "चुकीच्या दुकानात आलास बाबा. इथे मी राहते आणि माझा मुलगा राहतो. तो दिवसात चार शब्द बोलतो, त्यातले दोन अर्धे."

"मग हेच दुकान असणार, पण तो नसणार," असं काहीतरी तो म्हणाला आणि गोंधळून उभा राहिला.

मागच्या खोलीत बाबांचं कलम काचेवर थांबलं होतं. त्यांनी दाराच्या फटीतून पाहिलं. इतके दिवस त्यांच्या मनात एक उंच, रुंद खांद्यांचा, ऐसपैस गडी होता. समोर एक बुटका, गोल, जाड चष्म्याचा माणूस होता. पँटच्या पायांना तेलाचे डाग पडलेले. बाबांना वाटलं मागच्या दाराने जावं. ते म्हणायचे की दोन पावलं टाकलीही होती. मग ते वळले आणि पुढे आले, काउंटरला धरून उभे राहिले आणि म्हणाले, "मी... म... म..."

आजी नेहमीप्रमाणे मदतीला तोंड उघडणार होती. त्या माणसाने तिच्याकडे न बघताच हात वर केला, थांबा म्हणून. आणि तो थांबला. घाई नाही, दया नाही, पुढचा शब्द चोरायची खटपट नाही. दोन वर्षं डोंगरावर उभा राहून ज्याने ढग जायची वाट पाहिली होती, त्याला एका शब्दाची वाट बघणं काय जड जाणार. तो बाबांच्या चेहऱ्याकडे असा बघत होता जसं पुढचं अक्षर येणारच आहे, त्यात शंका नाही.

"म... मीच तो," बाबा म्हणाले. "बक्कल उस्तादा... क... कडे आहे."

तो बुटका माणूस काउंटरला वळसा घालून आत शिरला आणि त्याने बाबांना अशी मिठी मारली की त्याचा चष्मा बाबांच्या बंडीच्या बटणात अडकला. सोडवायला आजीला यावं लागलं. आजी तेव्हा रडत होती की हसत होती, हे बाबांना सांगता यायचं नाही. त्या दिवशी दुकान दुपारीच बंद झालं. बाबा संध्याकाळपर्यंत बोलत होते. अडत होते आणि बोलत होते. आजी म्हणाली, एवढं मी त्याला जन्मल्यापासून ऐकलं नव्हतं, माझे तर कान दुखायला लागले.

तो माणूस पुढे माझा मामा झाला.

त्याचं असं झालं की बाबा उलट भेटीला त्याच्या गावी गेले. सायकलच्या दुकानात मामा नव्हता, त्याची बहीण होती. बाह्या वर केलेल्या, पुढ्यात पाण्याचं घमेलं, आणि घमेल्यात ती ट्यूब फिरवत होती. ट्यूबला कुठे बारीक भोक आहे ते शोधायचं असलं की ती पाण्याखाली धरून थोडी थोडी सरकवायची आणि बुडबुडा यायची वाट बघायची. बाबा तिथे मामाची वाट बघत बसले. मग मामा आला तरी ते उठले नाहीत. पुढचे तीन-चार रविवार ते जातच राहिले. मामाला वाटलं आपल्यासाठी येतोय. मामा हुशार होता, पण सगळ्याच बाबतीत नाही.

शेवटी एका रविवारी मामाला मुद्दाम पाण्याच्या टाकीकडे काहीतरी आणायला पाठवून बाबांनी बोलायला तोंड उघडलं. मामाकरवी विचारता आलं असतं. लिहूनही देता आलं असतं. पण हे तोंडानेच सांगायचं, असं त्यांनी ठरवलं होतं. आणि नेमकं वाक्य 'माझ्याशी'ने सुरू होणारं निघालं. 'म' जो अडला तो अडलाच. बाबांचे कान लाल झाले. बाहेरून एकजण हवा भरून घ्यायला आला, तिला काहीतरी विचारायला लागला. तिने त्याला हवा भरायचा पंप दाखवला, तूच भर म्हणून सांगितलं, आणि घमेल्यातून नजर न काढता बाबांना म्हणाली, "तुम्ही सावकाश बोला. माझी ट्यूब अजून निम्मी बाकी आहे."

बाबांनी वाक्य पुरं केलं. तोपर्यंत हवा भरणारा माणूसही ऐकत थांबला होता, पंप हातात तसाच. तिने ट्यूब आणखी थोडी सरकवली. बारीक बुडबुडा वर आला. तिने त्या जागी बोट दाबून धरलं, वर पाहिलं आणि हो म्हणाली. हवा भरणाऱ्याने सगळ्यात आधी अभिनंदन केलं. मामा परत आला तेव्हा त्याला ही बातमी एका अनोळखी माणसाने रस्त्यातच सांगितली होती, आणि तो बराच वेळ रुसला होता.

आई आल्यावर दुकान भरलं. अर्ध्या भागात आरसे, अर्ध्या भागात सायकली. पंक्चर काढायला आलेली माणसं आरशात स्वतःला बघून केस नीट करायची, आणि आरसा घ्यायला आलेल्या बायका आपल्या पोरांसाठी छोटी सायकल बघून जायच्या. आजी आणि आई दोघीही बोलक्या, त्यामुळे दुकानात आवाजाला कधी तोटा पडला नाही. पण आईने एक शिस्त घातली होती. बाबा गिऱ्हाइकाशी बोलत असले की त्यांचं वाक्य कुणी पुरं करायचं नाही. कुणी केलंच तर ती शांतपणे म्हणायची, त्यांना सांगू द्या, तुम्हाला ठाऊक नाही ते काय म्हणतायत. बहुतेकांना खरंच ठाऊक नसायचं. आम्हा भावंडांना तर हे इतकं अंगवळणी पडलं होतं की शाळेत गेल्यावर मला पहिल्यांदा कळलं, इतर घरांत बाप भराभर बोलतात. मला ते जरा उद्धट वाटलं.

बाबांची जीभ शेवटपर्यंत सुटली नाही. पण त्यांनी पुन्हा कधी मान हलवून भागवलं नाही. गल्लीतल्या सभेत उभे राहायचे, पाण्याच्या नळाबद्दल भांडायचे, पाहुण्यांना विनोद सांगायचे. विनोदाचा शेवट यायला वेळ लागायचा, पण तोवर लोक आधीच हसायला लागलेले असायचे.

म्हातारपणी मामाला ऐकू येईनासं झालं. मामी गेल्यावर तो आमच्याच घरी राहायला आला. रोज सकाळी दोघं दुकानाच्या पायरीवर चहाचे पेले घेऊन बसायचे. बाबांचा शब्द निघायला वेळ, आणि निघालेला मामाच्या कानात शिरायला वेळ. त्यांचं बोलणं तिसऱ्या माणसाला ऐकवायचं नाही. एकदा बाबांनी मोठ्या कष्टाने सांगितलं की क... काकडी महाग झालीय. मामा म्हणाला, "कुणाची खुर्ची लाकडी?" बाबांनी पुन्हा सांगितलं. मामा म्हणाला, "मग ती सुताराला दे ना, मला काय विचारतोस?" बाबा हसायला लागले. ते का हसतायत ते मामाला कळलं नाही, पण तोही हसायला लागला, आणि मग दोघांनाही थांबता येईना. पेल्यातला चहा पायरीवर सांडला, समोरचा शिंपी दारात येऊन बघायला लागला, आणि आत काम करणारी आई ओरडली की काय झालं ते सांगा तरी. बाबांनी सांगायला सुरुवात केली. आई हातातलं काम तसंच ठेवून दारात येऊन उभी राहिली.